पिएर एतेक्स : कुलपात पडलेला विनोद

जॅक ताती या फ्रेंच विनोदवीराचे नाव फिल्म सोसायटीच्या खेळांना जाणाऱ्यांच्या कानांवरून गेलेले असते. त्याच्या ‘मों ओंक्ल’ (१९५८) या चित्रपटातील विनोदाचे प्रसंग आधी कागदावर रेखाटून देणारा एक तरुण होता, पिएर एतेक्स. त्याचे नाव मात्र आपल्याकडे फारसे निघत नाही. त्याच्या स्वतःच्या देशातही ते बरीच वर्षे निघत नव्हते. का, ते पुढे सांगतो.

एतेक्सचा जन्म १९२८ चा, रोआन गावचा. हात चित्रकाराचा आणि ओढ सर्कशीतल्या विदूषकाची. तातीच्या चित्रपटांवरून कादंबऱ्या लिहिण्याचे काम ज्याँ-क्लोद कारिएरकडे आले आणि त्यांतली चित्रे एतेक्सने काढली. तिथे दोघांची गट्टी जमली. (पीटर ब्रूकच्या नऊ तासांच्या ‘महाभारता’चे नाट्यलेखन करणारा तो हाच कारिएर, बरं का!) दोघांच्या एका लघुपटाला १९६३ मध्ये ऑस्कर मिळाले. गोष्ट एवढीच की, लग्नाच्या वाढदिवशी बायको टेबल मांडून वाट पाहते आहे आणि नवरा पॅरिसच्या मोटारींच्या गर्दीत अडकून पडला आहे.

न बोलता केलेला विनोद बोलून सांगणे म्हणजे वेंधळेपणाच. तरी ‘योयो’विषयी (१९६५) सांगितल्यावाचून राहवत नाही. एक कोट्यधीश प्रचंड वाड्यात कंटाळून बसला आहे. हा सुरुवातीचा भाग चक्क मूकपटासारखा. संवाद नाहीत, दारे तेवढी करकरतात. १९२९ ची मंदी येते, पैसा जातो, आणि हा गृहस्थ आपली जुनी प्रेयसी व मुलगा यांच्याबरोबर सर्कशीच्या गाडीतून सुखाने गावोगाव हिंडू लागतो. चित्रपटाचे रूपही कथेबरोबर बदलत जाते. माझ्या मते एतेक्सचे हेच सर्वांत मोठे काम. ‘ल ग्राँ आमूर’मध्ये (१९६९) नायकाचा पलंग स्वप्नात घराबाहेर पडून रस्त्याने धावू लागतो, रस्त्यावर इतरांचेही पलंग मोटारींसारखे धावत असतात!

मग १९७१ साली सुट्टीवर गेलेल्या फ्रेंच लोकांवरचा त्याचा माहितीपट आला. आपलेच रूप पडद्यावर पाहून मंडळी रागावली, टीकाकारांनी झोडपले, आणि त्याची चित्रपटांची वाट जवळजवळ बंद झाली. पत्नी आनी फ्रातेलिनी हिच्याबरोबर त्याने सर्कशीची शाळा काढली.

खरा घाव पुढचा. हक्कांच्या कागदपत्रांत चित्रपट अडकले. ते ना चित्रगृहात, ना दूरचित्रवाणीवर. ज्याने ते लिहिले, दिग्दर्शित केले, ज्याचा चेहरा त्यांत आहे, त्यालाही ते लोकांना दाखवता येईनात! हजारो प्रेक्षकांनी सह्यांचे निवेदन काढले, कोर्टकचेरी झाली. अखेर २०१० मध्ये दुरुस्त केलेल्या प्रती फ्रान्समध्ये पुन्हा पडद्यावर आल्या. एतेक्स तेव्हा ८१ वर्षांचा होता. नातवंडांच्या वयाची मुले ‘योयो’ प्रथमच पाहत होती. पुढे सहा वर्षांनी, २०१६ मध्ये, तो वारला.