पडद्यामागचा उजेड
(सोसायटीच्या चित्रपट-संध्येत केलेले भाषण)



आज आपण ‘कागज के फूल’ पाहणार आहोत. गुरुदत्त, वहिदा रहमान यांच्याबद्दल तुम्हाला मी काय सांगणार! मला दिलेली पाच मिनिटं मी कॅमेरामन व्ही. के. मूर्ती यांच्यासाठी वापरतो.

मूर्ती मूळचे म्हैसूरचे. व्हायोलिनही वाजवायचे. बंगळूरच्या पॉलिटेक्निकमधून १९४६ मध्ये छायाचित्रणाची पदविका घेतली. ‘बाजी’च्या वेळी ते नुसते सहाय्यक होते. एक अवघड शॉट त्यांनी सुचवला, गुरुदत्तनी तो त्यांनाच घेऊ दिला आणि ‘जाल’पासून जोडी जमली.

आज गीता दत्तच्या आवाजातलं ते गाणं सुरू झालं की कृपा करून कुजबुज थांबवा. रिकामा, अंधारा स्टुडिओ आणि वरून तिरका येणारा उजेडाचा झोत. तो दिव्याचा नाही हो, खऱ्या उन्हाचा आहे! दिव्याचा उजेड पसरतो, उन्हासारखा सरळ पडत नाही. म्हणून मूर्तींनी बाहेर उन्हात एक मोठा आरसा ठेवला, त्यातलं ऊन आतल्या दुसऱ्या आरशावर घेतलं आणि तिथून खाली सोडलं. त्यातून हा भारतातला पहिला सिनेमास्कोप. एवढ्या रुंद पडद्यावर दोनच माणसं आणि बाकी काळोख. असा काळोख ठेवायला छाती लागते.

१९५९ मध्ये चित्रपट सपाटून आपटला. गुरुदत्तनी पुढे दिग्दर्शक म्हणून नावच लावलं नाही. आम्ही बँकवाल्यांनी खातं बुडीत म्हणून फाईल बंद केली असती. पण याच छायाचित्रणाला फिल्मफेअर मिळालं. ‘साहिब बीबी और गुलाम’ला पुन्हा मिळालं. त्यातला मुजरा आठवा : उजेड मिनू मुमताजवर, मागच्या नर्तकी नुसत्या सावल्या.

१९६४ मध्ये गुरुदत्त गेले. मूर्तींचं काम मात्र चालू राहिलं आणि ते आपण घरी बसूनही पाहिलंय, नाव न वाचता! १९८८ मध्ये दूरदर्शनवर ‘तमस’ आलं, त्याचं छायाचित्रण गोविंद निहलानींबरोबर मूर्तींचं. निहलानी एकेकाळी त्यांचेच सहाय्यक. बेनेगलांच्या ‘भारत एक खोज’लाही मूर्तीच. तेव्हा ते पासष्टीला टेकले होते. त्या वयात मी सकाळी फिरायला जाण्यापलीकडे काही करत नव्हतो.

फाळके पुरस्कार २०१० मध्ये, राष्ट्रपती प्रतिभाताई पाटील यांच्या हस्ते मिळाला. वय ८६. छायाचित्रकाराला तो पहिल्यांदाच मिळत होता.

नामावली सुरुवातीलाच आहे, तेव्हा खुर्च्या आत्ताच लावून घ्या. मध्यंतरात चहा आहे.