कॅमेऱ्यामागची वाट



मी सॉफ्टवेअरवाली. तरी आज सिनेमावर बोलणार आहे, कारण माझी मुलगी म्हणते, "इंजिनिअरिंग नको, मला सिनेमॅटोग्राफर व्हायचंय." घरात दोन महिने हाच विषय आहे. तुमच्याही घरी असं काहीतरी चालू असेल, म्हणून मला जे समजलं ते सांगते.

कर्जत-खालापूरला शूटिंगचं अप्रूप नाही. चौकच्या बाजूला एन. डी. स्टुडिओ झाला, तिथे 'जोधा अकबर'चा सेट लागला. पण लोक पाहायला जायचे ते हृतिक-ऐश्वर्याला. कॅमेऱ्यामागच्या माणसाचं नाव कोण विचारतो?

मी एक नाव शोधलं, अविनाश अरुण. पुण्याच्या एफटीआयआयमध्ये सिनेमॅटोग्राफी शिकलेले. 'किल्ला' त्यांनी दिग्दर्शित केला आणि कॅमेराही स्वतःच सांभाळला. २०१४ मध्ये बर्लिन महोत्सवात त्याला बालज्युरीचा क्रिस्टल बेअर मिळाला. थिएटरात तो आला जून २०१५ मध्ये. पुढच्याच महिन्यात त्यांनी चित्रित केलेले 'मसान' आणि 'दृश्यम' आठवड्याच्या अंतराने लागले. एक छोट्या बजेटचा, कानला गेलेला. दुसरा अजय देवगणचा. या कामात महिन्याचा पगार नसतो. एक सिनेमा संपला की दुसरं काम शोधायचं. त्यामुळे दोन्ही प्रकारचं काम करण्यात कमीपणा नाही.

आता त्यातली विद्या. पाऊस आपल्याला काय नवा! पण उजेड समोरून पडला, तर कॅमेऱ्यात पाऊस जेमतेम दिसतो. तो थेंबांच्या मागून यावा लागतो, आणि पाठीमागे काहीतरी गडद लागतं. मोठ्या सिनेमात त्यासाठी दिवे लावतात. पैसे कमी असले की जागा आणि वेळ हेरून ढगांची वाट पाहायची. सर, तुम्ही फळ्यावर काढलेल्या प्रकाशकिरणांच्या आकृत्या इथे कामाला येतात!

एफटीआयआयच्या तीन वर्षांच्या सिनेमॅटोग्राफी अभ्यासक्रमाला पदवी लागते, शाखा कोणतीही चालते. म्हणून आमच्या घरी एवढं ठरलंय की आधी पदवी, तीही तिच्या आवडीची. मग प्रवेश परीक्षा. तिच्या बाबांना अजून पटलेलं नाही. मला पटलंय, पण भीती गेलेली नाही.

शाळेला एक विनंती. करिअर मार्गदर्शनाला आपण दरवर्षी डॉक्टर-इंजिनिअर बोलावतो. पुढच्या वर्षी एखाद्या कॅमेरामनला बोलवा. त्यांनी कामाबरोबर कमाईचंही खरं सांगावं. येण्याजाण्याचा खर्च आमची बॅच करेल.