सुकाणूवरचा माणूस



मोटारबोट चालविण्याचा परवाना हा विषय आम्ही निवडला, तेव्हा काही मित्र हसले. कोल्हापूरला समुद्र नाही, मग ही उठाठेव कशाला, असे त्यांचे म्हणणे. पण रंकाळा आपला आहे, राधानगरीचे पाणी आपले आहे, आणि राजाराम बंधाऱ्यापाशी पंचगंगा ४३ फुटांची धोक्याची पातळी ओलांडते, तेव्हा समुद्र आपल्या दाराशीच येतो. २०१९ साली ती ५५ फुटांच्याही वर गेली होती.

त्याच पुरात, ८ ऑगस्ट रोजी, शेजारच्या सांगली जिल्ह्यात ब्रह्मनाळ येथे माणसे बाहेर काढणारी बोटच उलटली. सतरा जीव गेले. बोटीत क्षमतेहून अधिक माणसे होती. आता दोष सुकाणूवरच्या माणसाला देणे सोपे आहे. परंतु पाणी उंबऱ्यावर चढले आहे, एखादी बाई लेकरू पुढे करते आहे, अशा वेळी 'आता पुरे, पुढच्या खेपेला' हे शब्द कोणाच्या तोंडून निघतील? ते निघण्यासाठी दोन गोष्टी लागतात : आपली बोट किती भार पेलते याचे ज्ञान, आणि आपला शब्द चालेल अशी खात्री.

परवान्याचा अर्थ आम्ही असा घेतो. १९१७ च्या अंतर्देशीय जलयान कायद्यात मास्टर, सारंग आणि इंजिन चालविणारा यांची प्रमाणपत्रे निरनिराळी होती. सारंग हा आपल्या कोकणातल्या खलाशांच्या तोंडचा शब्द. गोऱ्या साहेबालाही कायदा लिहिताना तो टाळता आला नाही, याची आम्हांला गंमत वाटते. तो कायदा जाऊन २०२१ साली नवा आला. यंत्रावर चालणाऱ्या जलयानाची नोंदणी, तपासणी, विमा आणि चालविणाऱ्याच्या पात्रतेचे प्रमाणपत्र हे सारे त्यात आहे. आपल्या राज्यात हे काम महाराष्ट्र सागरी मंडळ पाहते.

कुणी म्हणेल, आमच्या उद्यमनगरातला पोरगा डोळे मिटून इंजिन खोलतो नि जोडतो, त्याला परीक्षा कसली? इंजिन त्याला येते, हे खरे. पण पाण्याला ब्रेक नाही. इंजिन बंद केले तरी बोट पुढे जातच राहते. वळताना मोटारीचे तोंड वळते. बोटीची मात्र शेपटी बाहेर फेकली जाते. रस्त्यावर आपण डावीकडून जातो. पाण्यावर दोन यांत्रिक बोटी समोरासमोर आल्या, तर दोघींनी उजवीकडे वळायचे, हा जगभरचा नियम. पाण्यातला माणूस वर घेताना आधी इंजिन बंद करायचे, नाहीतर पंखा त्याचे पाय कापील. इंजिनाच्या कळीची दोरी स्वतःच्या अंगाला बांधायची, म्हणजे चालविणारा पडला तर इंजिनही थांबते. आणि सर्वांत महत्त्वाचे, उतारूंना एका बाजूला धावू द्यायचे नाही. १७ जुलै १९४७ रोजी रेवसकडे निघालेली 'रामदास' बोट वादळात कलंडली आणि सहाशेंवर माणसे बुडाली. तीतही घाबरलेले उतारू एका बाजूला लोटले गेले होते.

हे सारे शिकता येते. अडचण दुसरीकडे आहे. कामगारांत वावरताना आम्ही एका तलावावरची पोरे पाहिली. रोजंदारी खेपांवर, जितके उतारू, तितके पैसे. जास्तीचा उतारू नाकारला, तर संध्याकाळी ठेकेदार उद्या येऊ नकोस म्हणतो. या पोरांना नदीचा गुण आमच्यापेक्षा कितीतरी अधिक कळतो. पण ते कळणे कागदावर नाही, म्हणून त्यांच्या नकाराला वजन नाही. प्रमाणपत्र हाती आले, की भार ठरविणारा माणूस तो, ठेकेदार नव्हे, असे ठणकावून सांगता येईल. अर्थात् नुसत्या कागदाने पोट भरत नाही. खेपेवर मजुरी असेल तोवर परवानाधारकही जास्तीचे उतारू घेईल. म्हणून रोज ठरीव हवा.

परीक्षेसाठी गावाबाहेर जायचे, तर चार दिवसांची रोजी बुडते आणि फी वर. हा खर्च बोट हाकणाऱ्याने सोसायचा, अशी आजची समजूत दिसते. आमच्या मते तो बोटीच्या मालकाने सोसावा, आणि पावसाळ्याच्या आत.