पाटांगणावरची पोथी, माजलगावची ओवी



बीड शहरातलं पाटांगण तुम्हाला नवं नाही. पण मराठी भाषेचा इतिहास लिहिताना या जागेचं नाव घ्यावंच लागतं, हे आपल्या मुलांना आपण सांगत नाही. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इतिहासाचार्य विश्वनाथ काशिनाथ राजवाडे यांना इथं ज्ञानेश्वरीची एक जुनी पोथी मिळाली. ती त्यांनी 1909 मध्ये छापली आणि तिच्याच आधारे ज्ञानेश्वरीतल्या मराठीचं व्याकरण लिहिलं. पोथी एकनाथांच्या आधीची आहे, असं त्यांचं ठाम मत होतं.

एकनाथांच्या आधीची म्हणजे काय, ते नीट समजून घेऊ. ज्ञानेश्वरी शके 1212 मध्ये, म्हणजे 1290 साली, नेवाशाला सांगितली गेली. जवळजवळ तीनशे वर्षांनी, शके 1506 मध्ये, गोदावरीकाठी पैठणला एकनाथांनी तिच्या प्रती तपासल्या, कारण तोवर नकलेगणिक पाठ बदलत गेले होते. नक्कल करणारा लबाड नसतो, तो भाविक असतो. समोर जुना शब्द आला, कळला नाही, की तो आपल्या घरातला शब्द घालतो. ज्ञानेश्वरांच्या काळी पुष्कळ पुल्लिंगी नामांच्या शेवटी उकार असे. लोक नव्हे, ‘लोकु’. देव नव्हे, ‘देवु’. नकलेच्या ओघात तो उकार गळला, तर अर्थाचं काही बिघडत नाही आणि वाचणाऱ्याला चुकल्यासारखंही वाटत नाही. पण भाषेचा एक पुरावा कायमचा जातो. असे उकार आणि असे प्रत्यय एकेक करून मोजण्यासाठी राजवाड्यांना जुनी प्रत हवी होती आणि ती त्यांना आपल्या बीडमध्ये मिळाली.

आपल्याच अंबाजोगाईत मुकुंदराजांची समाधी आहे. ‘विवेकसिंधू’चा काळ शके 1110 म्हणजे 1188 सांगतात. तरी पुष्कळ अभ्यासक त्यातल्या भाषेला बाराव्या शतकाची मानायला तयार होत नाहीत, कारण हाती आलेल्या प्रतींतली भाषा बरीच नंतरची दिसते. तिथंही तेच झालं. ग्रंथ टिकला, त्यातली बोली झिजली.

राजवाड्यांच्या पोथीची पुढची हकीकत मनाला लागणारी आहे. मूळ पोथी आज कुणाला पाहायला मिळत नाही. राहिली ती त्यांनी छापलेली संहिता. तिचा काळ कोणता, राजवाड्यांनी वाचलं ते बरोबर होतं का, यावर विद्वान पुढं पुष्कळ भांडले. ती संहिता पायाभूत धरून शासनानं ज्ञानेश्वरी छापलीसुद्धा. पण पोथी समोर नसेल तर कागदाचा पोत, शाई, अक्षराचं वळण यांतलं काहीच पडताळून पाहता येत नाही. राजवाड्यांबद्दल माझ्या मनात अपार आदर आहे. मूळ साधनाशिवाय इतिहास लिहू नका, हे त्यांनी आपल्याला शिकवलं. त्यांना मिळालेलं सगळ्यात मोलाचं साधन आपल्याला पडताळता येऊ नये, याचं वाईट वाटतं.

आता एक दुसरी गोष्ट. ग्रियर्सन यांच्या भारतीय भाषांच्या पाहणीचा सातवा खंड मराठीचा. तो 1905 मध्ये निघाला. कोकणी, वऱ्हाडी, नागपुरी, असंख्य बोलींचे नमुने त्यात आहेत. पण निजामाचं हैदराबाद संस्थान त्या पाहणीच्या कक्षेबाहेर होतं. म्हणजे राजवाडे बीडमध्ये सहाशे वर्षांपूर्वीची मराठी शोधत होते, त्याच काळात बीडच्या बाजारात बोलली जाणारी मराठी मोजणीतच नव्हती. राज्यकारभार उर्दूत होता, 1918 मध्ये निघालेलं उस्मानिया विद्यापीठही उर्दू माध्यमाचं. 17 सप्टेंबर 1948 नंतर आपण निजामाच्या राजवटीतून बाहेर आलो, पण आपल्या बोलीकडं अशुद्ध म्हणून पाहायची सवय लागून राहिली. शाळेत असताना मी गुरुजींना ‘पाऊस येऊलालाय’ असं सांगितलं आणि हातावर छडी खाल्ली. पुढं भाषाशास्त्र शिकायला लागलो तेव्हा कळलं की ‘येऊ लागला आहे’ हेच झिजत झिजत ‘येऊलालाय’ झालंय. पूर्ण नियमात आहे. ‘करूलालाय’, ‘जाऊलालाय’, कुठलंही क्रियापद घ्या. पुण्याच्या मराठीनं चालू काळासाठी एक वाट धरली, अंबाजोगाई-परळीकडच्या मराठीनं दुसरी. आष्टीकडं जा, बोली नगरी वळण घेते. एकाच जिल्ह्यात हे आहे.

या बोलीचं साधन कुठं शोधायचं? पोथीत नाही, दप्तरात तर नाहीच. ते जात्यावर होतं.

गी पॉइत्वँ आणि हेमा राईरकर या दोघांनी पुण्यात राहून 1980च्या दशकापासून गावोगावच्या बायकांकडून जात्यावरच्या ओव्या जमवल्या. एक लाखाहून जास्त ओव्या, हजाराहून जास्त गावं. नंतर बर्नार्ड बेल हे संगीताचे आणि संगणकाचे अभ्यासक त्यांना येऊन मिळाले आणि 1990च्या दशकात ध्वनिमुद्रण झालं. हे मुद्रण करणारी मंडळी 1996 मध्ये माजलगावला आली होती. तिथल्या भीमनगरातल्या बायकांनी बाबासाहेबांच्या, रमाईच्या, बुद्धाच्या ओव्या गायल्या. 2017 पासून ‘पारी’ या ग्रामीण भारताच्या संग्रहानं त्या सगळ्यांसाठी खुल्या केल्या आहेत. भीमजयंतीच्या मिरवणुकीत ज्या पोरांच्या मोबाइलवर डीजेची गाणी वाजतात, त्याच मोबाइलवर ही ओवीही ऐकता येते.

मी ऐकायला बसलो तेव्हा आधी ऐकू आली ती चाल. अंगणात पहाटे ऐकलेलीच, माझी आजी विठ्ठलासाठी गायची ती. आजी दोन्ही पाय पसरून बसायची, एक हात खुंट्यावर, दुसऱ्या हातानं जात्यात वैरण घालायची. वैरण घालताना जातं मंदावे, तेवढाच आवाज थांबायचा, आणि घास आत गेला की पुढचा चरण निघायचा. माजलगावच्या बायकांनी हा साचा जसाच्या तसा घेतला आणि त्यात आपला नवा इतिहास भरला. ज्यांना शाळेची पायरी चढू दिली नाही, त्यांनी कायदा लिहिणाऱ्या माणसाचं चरित्र ओवीत बांधलं. विद्यापीठातला इतिहासकार ज्याला लोकेतिहास म्हणतो, तो हाच. माझ्या मते पाटांगणाची पोथी आणि भीमनगराची ओवी ही सारख्याच तोलाची साधनं आहेत. फरक इतकाच की पोथी आपल्याला परत तपासता येत नाही, ओवी हवी तितक्या वेळा ऐकता येते. तिच्यातला प्रत्येक उच्चार शाबूत आहे.

पण गिरणी आली आणि जातं गेलं. मग आज बीड जिल्ह्यात भाषा कुठं घडते आहे? माझं उत्तर आहे, उसाच्या फडात.

दिवाळीच्या आगेमागे माणसं ऊसतोडीला जातात आणि गावं रिकामी होतात. विचारलं, किती गेले, तर म्हातारी सांगते, ‘आमच्या वस्तीवरून चाळीस कोयतं गेलं.’ कोयता म्हणजे हत्यार नव्हे, नवरा-बायकोची जोडी. एकटा गडी अर्धा कोयता. मुकादमाकडून आगाऊ घेतली ती उचल. कामावर गेलं नाही तर खाडा, त्याचे पैसे कापले जातात. राहायला कोपी. ट्रकमध्ये डोक्यावरून मोळ्या भरणारे ते डोकी सेंटर, बैलगाडीवाले गाडी सेंटर. उसाचा शेंडा ते वाढं, ते बैलाला. गाळप संपलं की पट्टा पडला. दोन माणसांचं एक हत्यार होतं आणि माणसं हत्यारानं मोजली जातात, ही भाषेतली केवढी मोठी घटना आहे! तिला एकही पोथी नाही. कोशात ‘कोयता’ पाहिलात तर लोखंडाचं पातं सापडेल, त्याच्यामागची बाई सापडणार नाही.

3 ऑक्टोबर 2024 रोजी मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला. आनंदच झाला. त्यासाठी रंगनाथ पठारे समितीनं जुने शिलालेख, जुने ग्रंथ यांची मोठी मांडणी केली होती. त्या प्राचीनतेचा मान ठेवूनच मी म्हणतो, भाषेचं वय सांगायला जुना दगड लागतो, ती जिवंत आहे हे सांगायला कोपीतला शब्दच लागतो. डेक्कन कॉलेज आणि राज्य मराठी विकास संस्था यांनी बोलींच्या पाहणीचं काम हाती घेतलं, ते फार मोलाचं आहे. पण बाहेरून आलेल्या पाहणीकाराला ‘खाडा’ हा शब्द मिळेल. खाडा पडल्यावर रात्री कोपीत काय बोलणं होतं ते मिळणार नाही. ते इथल्याच मुलामुलींनी टिपायला हवं, आपल्या आईच्या तोंडून, तारखेनिशी आणि गावाच्या नावानिशी.

सभागृहाच्या दाराशी टेबलावर एक वही ठेवली आहे. पहिल्या पानावर मी ‘पट्टा पडणे’ लिहिलंय, अर्थ लिहिलाय, आणि कोणत्या गावात ऐकलं तेही. वडवणीच्या आणि धारूरच्या मंडळींकडं याला वेगळा शब्द असेल तर जाताना तो खाली लिहून जा.