काळयंत्राला तेल कुणी घातलं?

'परवा' हा आपल्या रोजच्या बोलण्यातला शब्द. परवा पाऊस पडला, परवा लग्न आहे. एकच शब्द मागेही जातो आणि पुढेही. आमच्या घरात दखनी बोलली जायची. तिथे 'कल' म्हणजे कालही आणि उद्याही. वाक्य संपेपर्यंत माणूस कुठल्या दिशेला निघालाय ते कळायचं नाही. भाषेला हा प्रवास इतका सोपा आहे. माणसाला मात्र त्यासाठी यंत्राची कल्पना करावी लागली.

असं यंत्र कागदावर बनवणारे एच. जी. वेल्स हे पहिलेच नव्हेत. एन्रिके गास्पार या स्पॅनिश लेखकाने १८८७मध्येच काळात प्रवास करणारं यंत्र आपल्या कादंबरीत आणलं होतं. पण जगाच्या डोक्यात बसलं ते वेल्स यांचं. 'द टाइम मशीन' ही त्यांची छोटी कादंबरी १८९५मध्ये प्रसिद्ध झाली, तेव्हा ते अठ्ठावीस वर्षांचे होते. आइन्स्टाइनचा विशेष सापेक्षतेचा सिद्धान्त त्यानंतर दहा वर्षांनी, १९०५मध्ये आला. तरी या कादंबरीच्या पहिल्याच प्रकरणात लांबी, रुंदी आणि उंची यांच्या जोडीला काळ ही चौथी मिती म्हणून मांडलेली आहे.

यंत्र निकेल, हस्तिदंत आणि स्फटिक यांचं. बसायला खोगीर, हाताशी दांडे, समोर दिवस मोजणाऱ्या तबकड्या. गंमत अशी की हे यंत्र जागचं हलत नाही. लंडनजवळच्या रिचमंडमधल्या प्रयोगशाळेत ते उभं असतं आणि काळ तेवढा त्याच्याभोवती धावतो. प्रवासी दांडा दाबतो, तेव्हा घरकाम पाहणाऱ्या मिसेस वॉचेट खोलीतून जात असतात. त्या त्याला बाणासारख्या पळताना दिसतात. परतताना त्याच बाई उलट्या पावलांनी चालताना दिसतात. सिनेमाची रीळ उलटी फिरवावी तसं हे दृश्य आहे, आणि सिनेमा तेव्हा नुकता जन्माला येत होता.

प्रवासी पोहोचतो ८,०२,७०१ या सालात. तिथे त्याला इलॉय भेटतात. नाजूक, सुंदर, फळं खाणारे, दिवसभर खेळणारे. कुणी काही काम करताना दिसत नाही, तरी अंगावर कपडे आहेत. मग हे कपडे करतं कोण? उत्तर जमिनीखाली आहे. जागोजागी विहिरींसारखी खोल भुयारं आहेत आणि त्यांतून यंत्रांची धडधड ऐकू येते. खाली मॉरलॉक राहतात. पांढुरके, उजेडाला भिणारे. शतकानुशतकं खाली राबणाऱ्यांची ही संतती, असं प्रवाशाला वाटतं. आता ते रात्री वर येतात आणि इलॉयांना धरून खातात.

ही कल्पना वेल्स यांना हवेतून सुचली नसावी. त्यांची आई ससेक्समधल्या अपार्क या बड्या वाड्यात घरव्यवस्था पाहत असे. त्या वाड्याखाली भुयारं आहेत. स्वयंपाकघर आणि तबेले वाड्याला त्या भुयारांनी जोडलेले. वरच्या मंडळींच्या नजरेला न पडता नोकरांनी ये-जा करावी, म्हणून. वेल्स स्वतः पोरवयात कापडाच्या दुकानात उमेदवारी करत होते. पुढे लंडनला टी. एच. हक्सली यांच्या हाताखाली ते जीवशास्त्र शिकले. आईचं भुयार आणि गुरूचा उत्क्रांतीवाद एकत्र आले, की आठ लाख वर्षं फार लांब राहत नाहीत.

मी यंत्रमागांच्या गावातला. आमच्याकडे झोप लागायची ती मागांच्या खटखटीत. रात्री वीज गेली, माग थांबले की जाग यायची. त्यामुळे त्या विहिरीतली धडधड मला परकी वाटली नाही. खाली कुणीतरी रातपाळीला आहे, एवढंच मनात आलं. म्हणूनच पुढची एक गोष्ट मला टोचते.

इलॉयांची भाषा प्रवासी थोडीफार शिकतो. नदीत बुडणाऱ्या वीना नावाच्या मुलीला तो वाचवतो. तिच्या जातीतलं दुसरं कुणी पुढे आलेलं नसतं. मग तिच्याशी तो बोलू लागतो. भुयारात उतरल्यावर तो मॉरलॉकांनाही हाक मारून पाहतो. त्यांची भाषा वेगळी आहे, हे त्याच्या लक्षात येतं, आणि विषय तिथेच संपतो. पुढे त्यांच्याशी त्याचं बोलणं होतं ते आगकाडीने आणि लोखंडी दांड्याने. मान्य, ते माणसं खातात. जीव वाचवायच्या वेळी कुणी व्याकरण शिकत बसत नाही. पण ज्याने आठ लाख वर्षं ओलांडली, त्याला खालच्यांची भाषा ओलांडता आली नाही, हे खरंच.

वेल्स यांनी मात्र एक खूण ठेवली आहे. मॉरलॉक यंत्र पळवून पांढऱ्या स्फिंक्सच्या चौथऱ्यात लपवतात. प्रवाशाला ते परत सापडतं तेव्हा स्वच्छ पुसलेलं असतं. त्याला तेलही घातलेलं असतं. कदाचित त्यांनी ते थोडंफार उघडूनही पाहिलं असावं, असं त्याला वाटतं. वरच्या सुंदर मंडळींपैकी कुणाला त्या यंत्राचं काडीचं कुतूहल नव्हतं. ज्यांना तो पशू समजतो त्यांनी ते पुसलं. तेलाची बुदली घेऊन मागामागांतून फिरणारी माणसं मी पाहिली आहेत. यंत्राला तेल घालणारा हात यंत्राचा आवाज ऐकत असतो, कुठे कुरकुरतंय ते शोधत असतो. त्याला विचार म्हणायचं नाही, तर काय म्हणायचं?

प्रवासी घरी येतो तेव्हा त्याच्या खिशात वीनाने ठेवलेली दोन पांढरी फुलं असतात. दुसऱ्या दिवशी तो पिशवी आणि कॅमेरा घेऊन पुन्हा निघतो. तीन वर्षं झाली तरी परतत नाही. फुलं निवेदकाने जपून ठेवलेली आहेत. माणसातलं प्रेम शेवटपर्यंत टिकलं, याची ती साक्ष, असं तो म्हणतो.

फुलांबद्दल माझी तक्रार नाही. कवी माणूस फुलांविरुद्ध काय बोलणार? पण यंत्र सुखरूप परत आलं, तेव्हा त्याच्या सांध्यांत मॉरलॉकांनी घातलेलं तेल होतं. त्याबद्दल कुणी एक शब्दही आभाराचा काढत नाही. पुढेमागे कधी असं यंत्र खरोखर बनलं, तर चालवणाऱ्याचं नाव पुस्तकात येईलच. ते पुसणाऱ्याची भाषा आपल्याला येते का, हे मात्र आजच विचारून ठेवलेलं बरं. त्यासाठी यंत्र लागत नाही, एक जिना उतरला तरी पुरे.