भिशीपासून पतसंस्थेपर्यंत

भिशी म्हणजे काय, हे सातारा-सांगलीकडे कुणाला समजावून सांगावे लागत नाही. वीस जण एकत्र येतात, दरमहा ठरलेली रक्कम काढतात आणि चिठ्ठ्या टाकतात. ज्याचे नाव निघेल, त्याला त्या महिन्याची सगळी रक्कम मिळते. वीस महिन्यांत प्रत्येकाची पाळी येऊन जाते आणि भिशी फुटते. लिलावाची भिशी असेल, तर ज्याला निकड जास्त तो थोडी कमी रक्कम उचलतो आणि सोडलेला पैसा बाकीच्यांत वाटला जातो. इंग्लंडात ज्यांना बिल्डिंग सोसायटी म्हणतात आणि अमेरिकेत सेव्हिंग्ज अँड लोन, त्या बचत-कर्ज संस्थांचा उगम अशाच एका भिशीत आहे.

ही भिशी १७७५ साली इंग्लंडातल्या बर्मिंगहॅम शहरात, 'गोल्डन क्रॉस' नावाच्या दारूच्या गुत्त्यात सुरू झाली. गुत्त्याचा मालक रिचर्ड केटली. बर्मिंगहॅम तेव्हा कारखान्यांमुळे झपाट्याने वाढत होते. हातात मजुरी खुळखुळणारे कारागीर होते, पण स्वतःचे घर बांधण्याइतकी रक्कम एकट्याच्याने साठत नव्हती. म्हणून सभासद दरमहा वर्गणी भरत, पुरेशी रक्कम जमली की एकाला घरासाठी पैसे मिळत, आणि घर झालेला सभासद आपली वर्गणी पुढेही भरत राही. शेवटच्या सभासदाचे घर झाले की संस्था मोडायची. पुढे अशा अनेक मुदतीच्या संस्था निघाल्या.

त्यांच्यात दोन अडचणी होत्या. शेवटी नंबर लागणाऱ्याला वर्षानुवर्षे थांबावे लागे. आणि मध्येच कुणाला सभासद व्हायचे असेल, तर मागची सगळी वर्गणी एकरकमी भरावी लागे. १८४० नंतरच्या दशकात त्यावर तोड निघाली. ज्याला घर बांधायचे नाही, त्यानेही पैसे ठेवावेत आणि व्याज घ्यावे. ज्याला बांधायचे आहे, त्याने त्या ठेवींतून कर्ज उचलावे. ठेवीदार आणि कर्जदार वेगळे झाले, तशी संस्था मोडण्याची गरजही संपली. मुदतीच्या संस्थांच्या जागी कायमच्या संस्था आल्या. १८३६ आणि १८७४ च्या कायद्यांनी या दोन्ही प्रकारच्या संस्थांना चौकट दिली. अमेरिकेत फिलाडेल्फियाजवळच्या फ्रँकफर्ड गावी १८३१ सालीच मुदतीच्या प्रकारची पहिली संस्था निघाली होती.

या बदलाबरोबर आणखी एक गोष्ट बदलली. भिशीत सगळे एकमेकांना ओळखतात, त्यामुळे बुडवणाऱ्याला गावात तोंड दाखवायला जागा उरत नाही. कायमच्या संस्थेत पैसे ठेवणारा आणि उचलणारा एकमेकांना पाहतही नाहीत. ओळखीची जागा मग हिशेबाला, तपासणीला आणि कायद्याला घ्यावी लागते. या संस्थांचे पुढचे यशापयश बहुतांशी ही जागा किती नीट भरली गेली यावर ठरले.

हिंदुस्थानात ही कल्पना प्रथम मद्रासकडे रुजली. तिथल्या 'निधी' नावाच्या संस्था एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून इंग्रजी संस्थांच्या धर्तीवर चालू होत्या. मैलापूरची निधी १८७२ सालची. दख्खनेत मात्र निकड वेगळी होती. इथल्या शेतकऱ्याला नवे घर बांधायचे नव्हते, तर आहे ते घर आणि शेत सावकाराकडून सोडवायचे होते. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी सावकारांविरुद्ध दंगा उसळला आणि कर्जखती जाळण्याचे लोण आसपासच्या भागात पसरले. त्यानंतर १८७९ साली डेक्कन शेतकरी कायदा आला. तो पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांना लागू होता. तेव्हाच्या सातारा जिल्ह्यात वाळवा, तासगाव, खानापूर हे तालुकेही होते. दक्षिण सातारा हा वेगळा जिल्हा १९४९ साली झाला आणि १९६० साली त्याला सांगली हे नाव मिळाले.

या कायद्याने कोर्टाला कर्जखताच्या मागे जाऊन मूळ व्यवहार तपासण्याचा अधिकार दिला. पण सावकाराचा हात आखडला, तर शेतकऱ्याला बियाण्यापुरता पैसा कोण देणार, हा प्रश्न तसाच राहिला. विल्यम वेडरबर्न आणि न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी पुरंदर तालुक्यासाठी शेतकी बँकेची योजना मांडली, पण विलायतेतल्या सरकारची मंजुरी तिला मिळाली नाही. मराठी माणसांच्या पुढाकाराने पहिले पाऊल पडले ते दूर बडोद्यात. तिथे १८८९ साली विठ्ठल लक्ष्मण ऊर्फ भाऊसाहेब कवठेकर यांनी अन्योन्य सहकारी मंडळी काढली. कुठलाही सहकारी कायदा नसताना, परस्परांच्या विश्वासावर उभी राहिलेली ही नागरी पतसंस्था होती.

कायदा आला १९०४ साली. तो पतपुरवठ्यापुरता होता, आणि त्यापुढचा नमुना जर्मनीचा होता. शेतकऱ्यांसाठी रायफायझेनने आणि शहरातल्या कारागिरांसाठी शुल्झ-डेलिच याने उभारलेल्या संस्था डोळ्यांपुढे ठेवूनच तो आखला गेला. १९१२ च्या कायद्याने इतर प्रकारच्या सहकारी संस्थांनाही वाट मोकळी करून दिली. त्यातूनच १९१५ साली मुंबईत गावदेवीला सारस्वत गृहनिर्माण संस्था उभी राहिली. अशा रीतीने इंग्लंडात एकाच संस्थेत असलेली दोन कामे इथे फुटून वेगळी झाली. घर बांधण्याचे काम गृहनिर्माण संस्थेकडे गेले, आणि बचत व कर्जाचे काम पतपेढीकडे आणि नागरी बँकेकडे आले.

कृष्णाकाठी या दुसऱ्या कामाला लवकर सुरुवात झाली. सांगली संस्थानात १९१६ साली सांगली बँक निघाली, कराडला १९१७ साली कराड अर्बन बँक, आणि साताऱ्यात १९३६ साली युनायटेड वेस्टर्न बँक. यांतली कराड अर्बन सहकारी, बाकीच्या दोन भागधारकांच्या कंपन्या. पण तिन्हींचा मूळ गिऱ्हाईक एकच होता: हळद-गुळाचा व्यापारी, पेठेतला दुकानदार, नोकरदार. सांगलीच्या हळदीच्या बाजारात माल पेवात आणि पैसा मालात अडकून पडे; तो मधला काळ निभावून नेणारे कर्ज जवळ मिळणे ही तिथली खरी गरज होती.

नोकरदारांच्या पतपेढ्या हा निराळा आणि सर्वांत भक्कम प्रकार. शिक्षक, पोस्टातले कर्मचारी, कारखान्यातले कामगार आपापली संस्था काढत आणि हप्ता पगारातूनच कापला जाई, त्यामुळे थकबाकी क्वचितच उरे. कर्मवीर भाऊराव पाटलांनी १९१९ साली कराडजवळच्या काले गावी स्थापन केलेल्या रयत शिक्षण संस्थेच्या सेवकांसाठीही अशीच संस्था निघाली. ती पुढे रयत सेवक सहकारी बँक झाली. मुंबईत हमाली करायला गेलेल्या पाटण-जावळीच्या माणसांच्या मागे माथाडी कामगारांची पतपेढी उभी राहिली. त्या कामगारांचे पुढारी अण्णासाहेब पाटील पाटण तालुक्यातल्या मंद्रुळकोळ्याचे. मुंबईत उचललेल्या कर्जातून गावाकडच्या घरावर पत्र्याऐवजी स्लॅब पडला, असे प्रसंग या भागाला नवे नाहीत.

महाराष्ट्राचा सहकारी संस्था कायदा १९६० चा. त्याखाली नोंदलेल्या बिगरशेती पतसंस्थांचे पेव खऱ्या अर्थाने फुटले ते १९८० नंतर. बँकेची पायरी चढायला बिचकणाऱ्या माणसाला पतसंस्था सोपी वाटली, कारण पतसंस्थाच त्याच्या दारात येत होती. साताऱ्याच्या मोती चौकात किंवा सांगलीच्या गणपती पेठेत संध्याकाळी रोजची बचत गोळा करत फिरणारा पिग्मी एजंट हे तिचे ठळक रूप. चहावाला गल्ल्यातून पन्नास रुपये काढून देतो, एजंट छोट्या यंत्रावर बोटे चालवतो, पावतीची चिठ्ठी बाहेर येते आणि तो पुढच्या दुकानाकडे वळतो. ही पिग्मीची पद्धत मूळची कर्नाटकातल्या उडुपीची. तिथल्या सिंडिकेट बँकेने १९२८ साली दोन आण्यांपासून ती सुरू केली.

कर्जाची रीतही ठरलेली असते. आधी सभासद व्हायचे, भाग घ्यायचे, मागणी अर्ज भरायचा आणि दोन जामीनदार उभे करायचे. जामीनदार हा भिशीतल्या ओळखीचाच कायद्यात शिल्लक राहिलेला अंश आहे. कर्जदाराने हप्ते थकवले, तर जामीनदाराच्याही पगारावर बोजा चढतो, म्हणून तो स्वतःच कर्जदाराच्या दारात जाऊन बसतो. तेवढ्याने भागले नाही, तर निबंधकाकडून कलम १०१ चा वसुली दाखला घेता येतो. 'एकशेएक झाली' एवढे म्हटले, की पुढचे सांगावे लागत नाही.

घरासाठीच लांब मुदतीचे कर्ज देणारी मोठी संस्था देशात बरीच उशिरा आली. हसमुखभाई पारेख यांनी १९७७ साली मुंबईत एचडीएफसीची स्थापना केली. तोपर्यंत, आणि त्यानंतरही बरीच वर्षे, लहान गावातली घरदुरुस्ती किंवा माडी चढवणे हे पतसंस्थेच्या कर्जावर, सोनेतारणावर आणि भिशीवरच होत राहिले.

आता या संस्था बुडतात कशा, ते पाहू. अमेरिकेत सेव्हिंग्ज अँड लोन संस्थांनी अल्प मुदतीच्या ठेवी घेऊन तीस-तीस वर्षांची घरकर्जे ठरीव व्याजाने दिली होती. १९८० च्या सुमारास व्याजदर भडकले. ठेवीदाराला जास्त द्यायचे आणि जुन्या कर्जदाराकडून कमी घ्यायचे, अशी कात्री लागली. सरकारने नियम सैल केले, तेव्हा अनेक संस्था जोखमीच्या व्यवहारांत उतरल्या आणि एक हजाराहून अधिक संस्था बंद पडल्या. इंग्लंडात नॉर्दर्न रॉक ही मूळची बिल्डिंग सोसायटी बँक झाली आणि २००७ च्या सप्टेंबरात तिच्या दारांत ठेवीदारांच्या रांगा लागल्या.

कृष्णाकाठानेही असे धक्के पाहिले. १९९२ च्या रोखे घोटाळ्यात बँक ऑफ कराडने पाठीशी रोखे नसताना पावत्या दिल्याचे उघड झाले आणि ती बँक अवसायनात गेली. तिचा कारभार पुढे बँक ऑफ इंडियाकडे आला. २००६ च्या ऑक्टोबरात युनायटेड वेस्टर्न आयडीबीआयमध्ये विलीन झाली आणि २००७ च्या एप्रिलमध्ये सांगली बँक आयसीआयसीआयमध्ये. सहा-सात महिन्यांत दोन्ही शहरांतली जुनी मुख्यालये संपली. २०२० च्या डिसेंबरात रिझर्व्ह बँकेने कराड जनता सहकारी बँकेचा परवाना रद्द केला.

त्या वेळी ९९ टक्क्यांहून अधिक ठेवीदारांची पूर्ण रक्कम ठेव विम्यातून मिळेल असे सांगण्यात आले. त्याच वर्षीच्या फेब्रुवारीत विम्याची मर्यादा एक लाखावरून पाच लाखांवर गेली होती. इथे एक भेद लक्षात ठेवण्याजोगा आहे. हा विमा बँकांना आहे, नागरी सहकारी बँकाही त्यात येतात. पतसंस्थेच्या ठेवीला मात्र तो लागू नाही. पतसंस्थेवर देखरेख असते ती सहकार खात्याच्या निबंधकाची. म्हणून तिथला सभासद वार्षिक सभेत ताळेबंद उघडून थकबाकीचा आकडा विचारतो की नुसती सही करून जेवणाच्या पंगतीत बसतो, याला महत्त्व येते.

या इतिहासातला आणखी एक टप्पा सातारा जिल्ह्यातल्या दुष्काळी माण तालुक्याचा आहे. म्हसवडला रस्त्याच्या कडेला राहून लोहारकाम करणाऱ्या एका बाईला पावसाळ्यापूर्वी डोक्यावर घालायला प्लॅस्टिकचा कागद घ्यायचा होता. त्यासाठी रोज थोडे थोडे पैसे साठवायचे, तर तिचे खाते उघडायला बँक तयार नव्हती. तिथे राहणाऱ्या चेतना सिन्हा यांनी मग बायकांचीच बँक काढायचे ठरवले. प्रवर्तक बायका अंगठेबहाद्दर आहेत, म्हणून रिझर्व्ह बँकेने पहिला अर्ज फेटाळला. बायका साक्षरतेच्या वर्गाला बसल्या आणि काही महिन्यांनी पुन्हा मुंबईला गेल्या. कुठल्याही मुद्दलावरचे व्याज आम्ही तोंडी काढून दाखवतो, तुमच्या अधिकाऱ्यांनीही यंत्राशिवाय काढावे, असे त्यांनी सांगितले. परवाना मिळाला आणि १९९७ साली माणदेशी महिला सहकारी बँक सुरू झाली. खाते नाकारल्या गेलेल्या बायकाच तिच्या सभासद आणि भागधारक झाल्या. एजंट बाजाराच्या गल्ल्यांत फिरून त्यांच्याकडून रोजची बचत गोळा करू लागल्या.