नागाओकाची आतषबाजी: तारीख न हलवणारं गाव

आजचा एपिसोड नांदगाव खंडेश्वरहून, घरच्या वरच्या खोलीतून रेकॉर्ड केलाय. मधूनच ट्रॅक्टरचा आवाज आला असेल तर समजून घ्या. ज्यांना ऐकायला वेळ नाही त्यांच्यासाठी नेहमीप्रमाणे हा लेखी मजकूर. बोलताना निघालं तसंच बहुतेक ठेवलंय.

मागच्या वेळी बऱ्याच जणांनी विचारलं होतं, "भौ, तू कामासाठी जपानमध्ये राहून आला, तं तिथं एक गोष्ट पाहायची म्हटली तर कोणती?" माझं उत्तर माउंट फुजी नाही, बुलेट ट्रेन पण नाही. ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात नागाओका नावाच्या शहरात जी आतषबाजी होते ना, ती पाहा.

मी तेव्हा टोकियोत निशी-कासाईला राहत होतो. तिथं इतके भारतीय आहेत की किराणा दुकानात मराठी ऐकू येते. घरी फोन करून सांगितलं की गाईडेड टूर बुक केली, बसनं जायचं, फटाके पाहायचे, रात्री परत. आई म्हणाली, "काऊन रे, फटाके पाहाले बी पैसे द्या लागते काय तिथं?" प्रश्न बरोबर होता. आपल्याकडं शेजाऱ्यानं लावलेले फटाके आपण फुकट पाहतो.

तर टूर का घ्यायची, ते आधी सांगतो. नागाओका टोकियोपासून बुलेट ट्रेननं साधारण दीड तासावर, निगाता प्रांतात आहे. पण त्या दोन रात्री लाखो लोक येतात. गावातली हॉटेलं कितीतरी महिने आधीच भरतात, परतीच्या ट्रेनला स्टेशनबाहेर लांबच लांब रांग लागते, आणि नदीकाठच्या जागांची तिकिटं सोडतीनं निघतात. अर्जाची वेबसाइट बघून मी ब्राउझर बंद केला. टूरमध्ये सीट, बस आणि गाईड एकत्र मिळतं. भाषा येत नसेल तर माझ्या मते टूरच घ्या. सोबत पाणी, बसायला पातळ चटई, पावसाचा कोट आणि कचऱ्यासाठी पिशवी ठेवा. कचरा आपला आपणच परत न्यायचा असतो. छत्री नको, मागच्याला दिसत नाही.

आता मुद्द्यावर. आतषबाजीला जपानीत हानाबी म्हणतात. हाना म्हणजे फूल, बी म्हणजे आग. आगीचं फूल. उन्हाळ्यात जवळजवळ प्रत्येक मोठ्या गावात हानाबी असते. लोक सुती किमोनो, म्हणजे युकाता घालून येतात, हातात पंखे, खायला भाजलेलं मक्याचं कणीस. थोडक्यात आपली जत्राच. बहुतेक गावं लोकांच्या सोयीनं शनिवार-रविवार धरतात. नागाओका मात्र वार बघत नाही. मंगळवार असो की गुरुवार, आतषबाजी २ आणि ३ ऑगस्टलाच. काऊन? हेच मी बसमध्ये आमच्या गाईडबाईंना विचारलं.

बाई साठीच्या असतील, हातात छोटा पिवळा झेंडा. त्यांनी माईक खाली ठेवला आणि जे सांगितलं ते असं. १ ऑगस्ट १९४५, रात्री साडेदहा. अमेरिकेची बी-२९ विमानं शहरावर आली आणि तास-पावणेदोन तास आग लावणारे बॉम्ब पडत राहिले. शहराचा सुमारे ८० टक्के भाग जळाला. जवळपास दीड हजार माणसं गेली. कितीतरी लोक पाण्याकडं पळाले आणि तिथंच संपले. त्यानंतर दोन आठवड्यांनी जपाननं शरणागती पत्करली.

वर्षभरानं, १९४६ च्या ऑगस्टमध्ये, त्या जळलेल्या गावानं पुन्हा उभं राहण्यासाठी उत्सव सुरू केला. १९४७ मध्ये आतषबाजी परत आली. तशी नागाओकाची आतषबाजी १८७९ पासूनची, युद्धात बंद पडली होती. पण परत आली तेव्हा तिचा अर्थ बदलला होता. आता दरवर्षी १ ऑगस्टला बरोबर साडेदहा वाजता, बॉम्ब पडायला लागले त्याच वेळी, तीन पांढरे गोळे आकाशात सोडतात. नाव शिरागिकू, म्हणजे पांढरी शेवंती. जपानमध्ये ही फुलं अंत्ययात्रेला वाहतात. मग २ आणि ३ तारखेचा कार्यक्रम. त्या दोन्ही रात्रीही सुरुवात याच फुलांनी.

गाईडबाई पुढं म्हणाल्या, "माझी आजी आतषबाजीला कधीच आली नाही. तिला आवाज सहन व्हायचा नाही. पण घरातल्या आम्हा सगळ्यांना ती पाठवायची." एवढं सांगून त्यांनी माईक उचलला आणि टॉयलेट कुठं आहे ते सांगायला लागल्या.

शिनानो ही जपानची सगळ्यात लांब नदी, ३६७ किलोमीटर. तिच्या काठावर आम्ही बसलो. साडेसातच्या आसपास आवाज एकदम थांबला. इतकी गर्दी आणि इतकी शांतता मी आषाढी वारीत बी पाहिली नाही, अन् ऑफिसच्या अप्रेझल मीटिंगमध्ये बी नाही. एक पांढरं फूल उघडलं. मग दुसरं, तिसरं. ना टाळ्या, ना शिट्ट्या. माझ्या शेजारच्या म्हाताऱ्या काकांनी हात जोडले होते.

ही पांढरी शेवंती ज्यांच्या नावाशी जोडली जाते ते आतषबाज म्हणजे नागाओकाचे कासे सेइजी. युद्धानंतर सोव्हिएत संघानं त्यांना सायबेरियात कैदेत ठेवलं होतं. सोबतचे बरेच जण तिथंच गेले. १९९० मध्ये कासे रशियातल्या खाबारोव्स्कला परत गेले आणि आमूर नदीवर आपल्या मेलेल्या सोबत्यांसाठी हेच पांढरं फूल उडवलं. आणि अजून एक. पर्ल हार्बरवर हल्ल्याची योजना करणारे ॲडमिरल यामामोतो इसोरोकू नागाओकाचेच. १५ ऑगस्ट २०१५ ला, युद्ध संपल्याला ७० वर्षं झाली तेव्हा, नागाओकानं पर्ल हार्बरमध्ये जाऊन हीच पांढरी फुलं उडवली, होनोलुलू शहरासोबत. आता ही दोन्ही शहरं एकमेकांची भगिनी शहरं आहेत.

आता इंजिनियर असल्यामुळं थोडं तंत्र सांगितल्याशिवाय मला राहवत नाही. जपानी गोळा गोल असतो आणि आकाशात चेंडूसारखा सगळीकडं सारखा फुटतो, म्हणून कुठूनही पाहिला तरी फूल गोलच दिसतं. आत 'तारे' असतात, म्हणजे रंगाच्या दारूच्या गोळ्या. एक थर द्यायचा, वाळवायचा, परत थर द्यायचा, असं करत कितीतरी दिवसांत एक गोळी तयार होते. फूल उमलता उमलता लालाचं हिरवं होतं ना, ते या थरांमुळं. लाल स्ट्रॉन्शियमचा, हिरवा बेरियमचा, निळा तांब्याचा. निळा सगळ्यात अवघड. मधोमध फोडायची दारू भरतात. ती नुसती भुकटी नसते, ती कशावर तरी चढवतात. कशावर, माहीत आहे? भाताच्या तुसावर, नाहीतर सरकीवर. हो, आपली सरकी! हे कळल्यावर मी बसमध्ये एकटाच हसलो. जिनिंगमधून निघते, ढोरांना घालतो, तेल काढतो, तीच सरकी त्या शेवंतीच्या पोटात असू शकते.

सगळ्यात मोठा गोळा म्हणजे सानशाकुदामा. व्यास ९० सेंटिमीटर, वजन ३०० किलो. तीन क्विंटल, राजेहो! तो सुमारे ६०० मीटर वर जातो आणि फुलाची रुंदीही तेवढीच होते. सोडण्याआधी सायरन वाजतो. सायरननंतर आकाशातून आवाज येणार, आणि त्या गावात हे कोणीही विसरलेलं नाही. प्रकाश दिसला, मी मनात मोजलं, एक, दोन, तीन, आणि मग धडाका छातीवर आदळला. आवाज सेकंदाला साधारण ३४० मीटर जातो, म्हणजे आम्ही एक किलोमीटरवर होतो.

आणि मग फिनिक्स. २३ ऑक्टोबर २००४ ला या भागात मोठा भूकंप झाला. पुढच्याच वर्षीपासून पुनर्उभारणीसाठी ही आतषबाजी सुरू झाली. नदीकाठाच्या जवळपास दोन किलोमीटर पट्ट्यातून एकाच वेळी गोळे सुटतात. मोबाइलच्या कॅमेऱ्यात हे मावत नाही, वाइड अँगलमध्ये बी नाही. मी दहा सेकंद प्रयत्न केला आणि फोन खिशात टाकला.

माझ्या मनात मात्र सगळ्यात जास्त राहिलं ते लाऊडस्पीकर. प्रत्येक आतषबाजीआधी सांगतात, ही कोणातर्फे, कशासाठी. एखादी कंपनी असते, एखादी शाळेची जुनी बॅच असते, कोणी गेलेल्या माणसाच्या आठवणीत लावतं. दुःख मोठ्यानं, नाव घेऊन, सगळ्या गावासमोर.

आता आपल्याकडं येतो. माझ्या गल्लीत एक घर आहे. त्या घरातले काका कर्जापायी गेले, मी आठवीत होतो. त्यांचा मुलगा माझ्यासोबत क्रिकेट खेळायचा. आजपर्यंत गल्लीत त्या विषयावर कोणी मोठ्यानं बोललेलं मी ऐकलं नाही. वऱ्हाडात अशी किती घरं आहेत ते तुम्हाला मी सांगायला नको.

पण एक तारीख आपल्याकडंही आहे. १९ मार्च १९८६ ला यवतमाळ जिल्ह्यातल्या चिलगव्हाणचे शेतकरी साहेबराव करपे यांनी बायको-मुलांसह आयुष्य संपवलं. महाराष्ट्रातली ही पहिली जाहीर नोंद झालेली शेतकरी आत्महत्या मानतात. २०१७ पासून किसानपुत्र आंदोलनाच्या हाकेवरून या दिवशी लोक एक दिवस अन्नत्याग करतात. कोणी गावात बसून, कोणी पुण्याच्या ऑफिसात डबा न उघडता. मला हे जपानहून आल्यावर नीट कळलं, आणि माझ्या टीममधल्या विदर्भातल्या चौघांपैकी दोघांना माहीतच नव्हतं.

फटाके उडवा असं मी म्हणत नाही. नागाओकाची रीत नागाओकाची. उपास आपल्या मातीतली रीत आहे आणि ती पुरेशी आहे. फक्त तारीख हलवायची नाही, हे त्यांच्याकडून घेण्यासारखं आहे. १९ मार्च सोमवारी आला, रिलीज असला, तरी १९ मार्चच. आणि नाव घ्यायचं. यंदा मी त्या मित्राला फोन केला. म्हटलं, "आज जेवत नाही, तुझ्या बाबांसाठी." तो बराच वेळ बोलला नाही. मग म्हणाला, "घरी ये एखाद दिवशी, आईले बरं वाटन." गेलो होतो. काकूनं बाबांचा फोटो दाखवला, बैलजोडीसोबतचा. दोन तास बसलो. त्यांच्याबद्दल इतकं बोलणं त्या घरात बाहेरच्या माणसासोबत पहिल्यांदाच झालं, असं काकू म्हणाली.

नागाओकाचा कार्यक्रम संपतो तो असा. शेवटचा गोळा विझला की निवेदक सांगतात, आता पलीकडच्या आतषबाजांचे आभार माना. या काठावरचे सगळे मोबाइलचे टॉर्च लावून हलवतात. नदीपलीकडं अंधारात कामगार असतात, त्यांचे चेहरे दिसत नाहीत. थोड्या वेळानं तिकडून लाल दिवे हलायला लागतात. इकडून आम्ही, तिकडून ते. मग गाईडबाईंनी झेंडा वर केला, माणसं मोजली आणि बस निघाली.

तर मंडळी, आजचं इतकंच. तुमच्या गावात, गल्लीत असं एखादं घर असेल तर १९ मार्चची वाट पाहू नका, जाऊन या. आणि तुम्हाला स्वतःला किंवा घरच्या कोणाला फार जड जात असेल, तर टेलि-मानसचा १४४१६ हा सरकारी नंबर मोफत आहे, मराठीतही बोलता येतं. नंबर सेव्ह करून ठेवा, फॉरवर्ड करा. पुढच्या एपिसोडमध्ये जपानमधल्या भाड्याच्या खोलीचा हिशोब सांगतो, बऱ्याच जणांनी विचारलाय. भेटू. काळजी घ्या.